पत्ता बदला, पण राजीनामा नको

प्रश्न : मी 44 वर्षांचा, सनीवेलमध्ये सॉफ्टवेअर टेस्टिंगमध्ये आहे, पगार वर्षाला 1,56,000 डॉलर. 10 मार्च 2025 ला मणक्याचं ऑपरेशन झालं, तेव्हापासून कॅलिफोर्नियाचा एसडीआय (राज्याचा तात्पुरत्या अपंगत्वाचा भत्ता) मिळतो, आठवड्याला 1,681 डॉलर. डॉक्टर म्हणतात जानेवारीपर्यंत कामावर जाता येईल. पत्नीची घरून नोकरी, महिना 3,200. इथलं भाडं 3,900. 15 ऑगस्टला टेक्सासमध्ये फ्रिस्कोला जातोय, तिथे 2,500. शिवाय स्टेट टॅक्स वाचेल. मॅनेजर सारखा विचारतो म्हणून 8 ऑगस्टला राजीनामा देऊन मोकळा होतोय. एचआर पोर्टलवर 'एलटीडी 60 टक्के, 180 दिवस' असं दिसतं, पण मंडळातल्या एका परिचितांकडून तीन वर्षांपूर्वी आययूएल (शेअर निर्देशांकाशी जोडलेली, बचत साठणारी आयुर्विमा पॉलिसी) घेतली आहे, महिना 1,500, तिच्यात अपंगत्वाचं रायडर (जोड-कलम) आहे. त्यामुळे टर्म पॉलिसीही बंद केली. वर्षभरानंतर सोशल सिक्युरिटीचे पैसे सुरू होतीलच. टेक्सासला गेल्यावर एसडीआय थांबेल का?

उत्तर : नाही, थांबणार नाही. एसडीआय तुमच्या पत्त्यावर मिळत नाही. कॅलिफोर्नियात कमावलेल्या ज्या पगारातून त्याची कपात झाली, त्या पगारावर मिळतो. टेक्सासची स्वतःची अशी योजनाच नाही, त्यामुळे तिथे नव्याने अर्ज करायचा प्रश्न येत नाही. तुमचा क्लेम कॅलिफोर्नियाच्या ईडीडी या रोजगार खात्याकडेच राहील आणि 52 आठवड्यांची मर्यादा मार्च 2026 च्या मध्याला संपेल.

थांबला तर दोन कारणांनी थांबेल. एक, ईडीडीच्या खात्यात नवा पत्ता न टाकता पोस्टाच्या फॉरवर्डिंगवर विसंबून राहणं. त्यांची फॉर्म भरायची पत्रं मुदतीची असतात. दुसरं आणि जास्त घातक : डॉक्टरच्या दाखल्यावरची तारीख. ती तारीख उलटली की पैसे थांबतात, तुम्ही कुठेही असा. फ्रिस्कोत नव्या स्पाइन डॉक्टरची पहिली अपॉइंटमेंट मिळायला पाच-सहा आठवडे सहज जातात, आणि पहिल्याच भेटीत कुणी तुमच्या कित्येक महिन्यांच्या दुखण्यावर सही करत नाही. म्हणून निघण्याआधी सनीवेलच्या सर्जनकडून निदान ऑक्टोबरअखेरपर्यंतचा दाखला घ्या. ऑपरेशन नोट, एमआरआय आणि फिजिओथेरपीच्या नोंदी स्वतःबरोबर न्या. टेक्सासचा परवानाधारक डॉक्टर पुढचा दाखला देऊ शकतो. तुमचा आरोग्य विमा कॅलिफोर्नियापुरत्या एचएमओचा (ठरावीक डॉक्टरांच्या जाळ्यातच चालणारा) असेल तर तिथे तो तातडीच्या उपचारापलीकडे कामाचा नाही, हे आजच तपासा.

टॅक्स वाचण्याचं म्हणाल तर एसडीआयवर ना कॅलिफोर्निया टॅक्स घेते, ना तुमच्यासारख्या साध्या आजारपणाच्या क्लेमवर फेडरल सरकार. पत्नीच्या 3,200 वर कुटुंबाच्या सवलती धरून कॅलिफोर्नियाचा टॅक्स जवळजवळ शून्य. खरा फायदा भाड्यातले 1,400 एवढाच, आणि सामान हलवायला सहा-सात हजार गेले तर पहिले पाच महिने त्यातच संपतील. तरी जा, त्याला माझी हरकत नाही.

हरकत आहे ती 8 ऑगस्टला.

एलटीडी म्हणजे कंपनीचा दीर्घकालीन अपंगत्व विमा. तुम्ही मागितलेला नाही, पण तो तुमचा आहे. तो 180 दिवस थांबल्यावर सुरू होतो, आणि 10 मार्चपासून 180 दिवस म्हणजे 6 सप्टेंबर. तुम्ही सही करताय त्याच्या चार आठवडे आधी! आजार विमा चालू असताना सुरू झाला, त्यामुळे राजीनाम्यानंतरही बहुतेक पॉलिसींत हक्क कागदावर शिल्लक राहतो. पण क्लेम तपासणाऱ्याच्या हातात 'टेक्सासला स्थलांतरासाठी स्वेच्छेने राजीनामा' असं पत्र तुम्ही स्वतः देणार. काम पाठीमुळे सुटलं की घर बदलल्यामुळे, हा वाद तो तिथूनच सुरू करेल, आणि तो वाद लढायला तुमच्याकडे ना ताकद ना पैसे.

आकडे बघा. महिन्याच्या 13,000 च्या 60 टक्के म्हणजे 7,800. सप्टेंबर ते मार्च एसडीआयचे महिन्याला 7,280 त्यातून वजा होतील, हाती उरतील जेमतेम पाचशे. म्हणून लोक अर्जच करत नाहीत. पण एसडीआय मार्चला संपला आणि पाठ अजून बसू देत नसेल, तर त्या दिवसापासून पूर्ण 7,800 सुरू होतात. बहुतेक पॉलिसींत पहिले 24 महिने 'तुमचं स्वतःचं काम जमत नाही' एवढंच दाखवावं लागतं. ते 24 महिने सप्टेंबरपासून मोजले तर मार्चनंतर सुमारे 18 उरतात. 18 गुणिले 7,800, म्हणजे 1,40,000 डॉलर. मणक्याची हाडं जुळायला वर्ष लागणं नवलाचं नाही, तेव्हा 'जानेवारी' हा अंदाज आहे, करार नव्हे.

दुसरी बाजूही आहे. राजीनामा देऊन जानेवारीत टेक्सासमध्ये नवी नोकरी धरलीत आणि मेमध्ये पाठ पुन्हा गेली, तर नव्या कंपनीची एलटीडी आधीपासूनचा आजार म्हणून सहसा पहिलं वर्ष तो धरतच नाही. जुलै 2026 किंवा त्यानंतर एसडीआयचा नवा क्लेम करायचा म्हटलं तर बघितला जाणारा पगार एप्रिल 2025 नंतरचा, आणि त्यात तुमचा कॅलिफोर्नियातला पगारच नाही.

तेव्हा एचआरकडून एलटीडीचं संपूर्ण सर्टिफिकेट मागवा, चार पानी माहितीपत्रक नको. त्यात तीन गोष्टी शोधा : क्लेम कळवण्याची मुदत, एसडीआय वजा करण्याची पद्धत आणि हप्ता कोण भरतं. कंपनी भरत असेल तर येणारे पैसे करपात्र असतात (तेव्हा मात्र टेक्सासला गेल्यामुळे स्टेट टॅक्स खरोखर वाचेल). अर्ज ऑगस्टमध्येच टाका. फॅमिली लीव्हचे 12 आठवडे जूनमध्ये संपले, म्हणून अपंगत्वाची सोय म्हणून रजा वाढवावी असा लेखी अर्ज डॉक्टरच्या पत्रासह द्या आणि नवा पत्ताही त्यातच कळवा. कंपनीनं नाही म्हटलं आणि काढलं तर काढू दे. तो कागद तुमच्या राजीनाम्यापेक्षा कितीतरी बरा. मॅनेजरला उत्तर देण्याचं काम एचआरवर सोपवा.

सोशल सिक्युरिटीचं सोडून द्या. तिथे कुठलंही कमाईचं काम निदान 12 महिने जमणार नाही असं सिद्ध करावं लागतं. तुमचेच डॉक्टर दहाव्या महिन्यात कामावर पाठवताहेत. प्रकृती बिघडली तर जरूर अर्ज करा, एलटीडीवालेही करायला लावतील, पण पहिल्या फेरीत बहुतेक अर्ज नाकारले जातात.

आता ते रायडर. या पॉलिसींतली अशी रायडरं सहसा पगार देत नाहीत. आंघोळ, कपडे, जेवण, शौचाला जाणं, मलमूत्रावर ताबा आणि पलंगावरून खुर्चीत बसणं, या सहापैकी दोन गोष्टी मदतीशिवाय जमत नसतील तर मृत्यूनंतरच्या रकमेतलाच काही भाग आधी मिळतो. पत्र तुम्ही स्वतः टाइप केलंत, म्हणजे उत्तर कळलं. दुसरा प्रकार फक्त पॉलिसीचा खर्च किंवा हप्ता माफ करणारा. तो असेल तर त्याचा अर्ज लगेच करा, कारण मार्चपासून तुम्ही भरताय ते कदाचित भरायचेच नव्हते. 'इन्कम प्रोटेक्शन' म्हणून हे विकणाऱ्यानं पॉलिसी वाचली नव्हती, किंवा वाचून विकली. काय वाईट, ते तुम्ही ठरवा.

तीन वर्षांत 54,000 भरलेत, आज मोडलीत तर सरेंडर चार्ज जाऊन त्यापेक्षा बरेच कमी हाती येतील. तरी रागाच्या भरात मोडू नका. टर्म तुम्ही बंद केलीत आणि ऑपरेशननंतर, कामावर नसताना, नवी टर्म देणारी कंपनी सापडणं कठीण. सध्या घरच्यांसाठी आयुर्विमा आहे तो एवढाच. विमा कंपनीकडून चालू पॉलिसीचं नवं इलस्ट्रेशन (पुढच्या वर्षांचा आकडेवार अंदाज) मागवा, एक हमी दरानं आणि एक साडेचार टक्क्यांनी, हप्ता 'पॉलिसी जिवंत ठेवण्यापुरता' धरून. बहुधा 1,500 च्या जागी चारशे-पाचशेत भागेल, काही महिने साठलेल्या पैशांतून खर्च वळते करता येतील. कामावर रुजू होऊन सहा महिने झाले की टर्मचा अर्ज करा. ती हातात आल्यावर, त्याआधी नाही, आययूएल मोडा. परिचितांचा फोन येईल, त्यांना इलस्ट्रेशन ईमेलवर पाठवायला सांगा.