देवयानी: आकाशगंगा, तेजोमेघ की दीर्घिका?

एका वाचकाने विचारलंय: "मुलीच्या शाळेतल्या विज्ञान प्रदर्शनासाठी तक्ता करत होतो. वर्तमानपत्रात 'देवयानी आकाशगंगा' असं सापडलं, घरातल्या जुन्या पुस्तकात 'देवयानी तेजोमेघ' आणि आणखी एका ठिकाणी 'देवयानी दीर्घिका'. हे तिन्ही एकच का? आणि ती लांबट असते म्हणून दीर्घिका का?"

तक्त्यावर 'देवयानी दीर्घिका' लिहा, निर्धास्तपणे. दीर्घिका म्हणजे गॅलक्सी, अब्जावधी ताऱ्यांचं एक प्रचंड कुटुंब. तिन्ही नावं एकाच वस्तूची आहेत, पण एकाच काळातली नाहीत. त्यातलं एक तर माझ्या मते आळसाने वापरलं जातं.

आधी दीर्घिका. लांबीचा संबंध आहे, पण आभाळातल्या नव्हे, पाण्याच्या. संस्कृतात दीर्घिका म्हणजे लांबट तळं, पायऱ्यांची विहीर. अमरकोशात 'वापी तु दीर्घिका' असं सरळच म्हटलंय; आपल्याकडची बारव म्हणा ना. रघुवंशाच्या सोळाव्या सर्गात ओस पडलेल्या अयोध्येचं वर्णन आहे. पूर्वी जिथे स्त्रिया जलक्रीडा करायच्या, त्या दीर्घिकांच्या पाण्यात आता रानरेडे शिंगं मारतायत, असं नगरदेवता सांगते.

मग हे तळं आभाळात चढलं कसं? त्याच अमरकोशात, स्वर्गवर्गात, स्वर्गातल्या गंगेची नावं येतात: 'मन्दाकिनी वियद्गङ्गा स्वर्णदी सुरदीर्घिका'. देवांची दीर्घिका म्हणजे आकाशातली गंगाच. हिंदीवाल्यांनी या ओळीतला पहिला शब्द उचलला, ते मंदाकिनी म्हणतात. मराठीने शेवटचा घेतला आणि त्यातला 'सुर' काढून टाकला. शब्द घडवणाऱ्याच्या मनात हीच ओळ असणार असा माझा तर्क आहे. (जाता जाता: 'दिर्घिका' नव्हे. दी दीर्घ, आणि ते विसरायचं काही कारण नाही.)

आता आकाशगंगा. इंग्रजीतला 'गॅलक्सी' ग्रीक 'गाला' म्हणजे दुधावरून आला, आणि मुळात तो आपल्या डोक्यावरच्या दुधाळ पट्ट्याचाच शब्द. पुढे तो सगळ्यांना लागू झाला, तेव्हा आपली ती मोठ्या अक्षराने आणि परकी ती लहान अक्षराने लिहायची असा तोडगा निघाला. देवनागरीत मोठी-लहान अक्षरं नाहीत. म्हणून आपल्याला दोन शब्द हवेतच, आणि सुदैवाने ते आहेत. आकाशगंगा हे विशेषनाम, दीर्घिका हे सामान्यनाम. 'विश्वात अब्जावधी आकाशगंगा आहेत' हे वाक्य मला 'महाराष्ट्रात अनेक गोदावऱ्या वाहतात' असं ऐकू येतं. गोदाकाठचा माणूस गोदावरीला गंगाच म्हणतो आणि काठाला गंगाथडी, तेव्हा ही सवय आपल्या रक्तातच आहे म्हणा. पण तिथे गैरसमज होत नाही. इथे 'आकाशगंगेच्या केंद्रात कृष्णविवर आहे' असं लिहिलं की कुठल्या, असं विचारावं लागतं.

राहिला तुमच्या जुन्या पुस्तकातला तेजोमेघ. ती मुद्रकाची डुलकी नाही. काही शतकं जगातले सगळेच देवयानीला मेघ म्हणत होते, कारण दिसतो तो मेघच. नोव्हेंबरच्या एका रात्री वांगणीच्या माळावर मी काही मंडळींना द्विनेत्रीतून देवयानी दाखवत होतो. एक आजी बराच वेळ बघून म्हणाल्या, "पाटी पुसल्यावर खडू राहतो तसं काहीतरी आहे." अल सूफी या फारसी ज्योतिर्विदाने इसवी सन ९६४ च्या ग्रंथात तिची नोंद केली ती ढगाचा छोटा डाग अशीच.

दुर्बीण आल्यावर घोळ मिटायला हवा होता, तो वाढला. १६१० मध्ये गॅलिलिओने पुष्य नक्षत्रातला धूसर ठिपका पाहिला तर त्यात चाळीसएक तारे निघाले. म्हणजे मेघ कसला, तो तारकागुच्छ. मग सगळेच ठिपके असे असतील का? शार्ल मेसिए या फ्रेंच ज्योतिर्विदाला त्याच्याशी देणंघेणं नव्हतं. तो धूमकेतूंच्या शोधात होता आणि हे न हलणारे ठिपके त्याला चकवत होते. म्हणून त्याने या चकव्यांची यादी केली. १७८१ पर्यंत ती १०३ वर गेली. तिच्यात पहिला क्रमांक वृषभ राशीतल्या एका फुटलेल्या ताऱ्याच्या अवशेषाचा, तेरावा शौरीतल्या बंदिस्त तारकागुच्छाचा, एकतिसावा देवयानीचा आणि पंचेचाळिसावा आपल्या कृत्तिकांचा. चार वेगळ्या जाती, एकच पंगत.

विल्यम हर्शलने बहीण कॅरोलाइनच्या मदतीने असे अडीच हजार ठिपके नोंदले. दुर्बीण पुरेशी मोठी केली की प्रत्येक मेघ ताऱ्यांत फुटेल असं त्याला आधी वाटत होतं. १७९० च्या नोव्हेंबरमध्ये त्याला वृषभ राशीत एक तारा दिसला, भोवती सगळीकडून सारखंच धुकट तेज असलेला. हे तेज ताऱ्यांचं असूच शकत नाही, हा काहीतरी चमकणारा द्रव आहे, असं त्याने मान्य केलं. मराठीतल्या 'तेजोमेघ'ला यापेक्षा चांगली व्याख्या मिळणार नाही. १८६४ मध्ये विल्यम हगिन्सने कालेय तारकासमूहातल्या एका तेजोमेघाचा वर्णपट, म्हणजे प्रकाश फोडून मिळणारा रंगांचा पट्टा, घेतला, तर ताऱ्यासारखा अखंड पट्टा नाहीच, मोजक्या तेजस्वी रेषा. तो वायू होता. तेजोमेघ हा शब्द तिथे पक्का झाला.

देवयानीचं मात्र अडून राहिलं. ती आपल्या आकाशगंगेतला मेघ की बाहेरचं स्वतंत्र विश्व, यावर १९२० मध्ये वॉशिंग्टनला शॅप्ली आणि कर्टिस या खगोलशास्त्रज्ञांचा जाहीर वाद झाला आणि निकाल लागला नाही. निकाल लागला तो छायाचित्राच्या एका काचेवर. ऑक्टोबर १९२३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या माउंट विल्सन वेधशाळेच्या १०० इंची दुर्बिणीतून खगोलशास्त्रज्ञ एडविन हबलने देवयानीचं छायाचित्र घेतलं. काचेवर त्याने नवताऱ्यांजवळ (एकाएकी उजळणारे तारे, इंग्रजीत नोव्हा) 'एन' अशी खूण केली होती. जुन्या काचांशी ताडून पाहिल्यावर त्यातला एक 'एन' त्याने खोडला आणि खाली मोठ्या अक्षरांत 'व्हार!' असं लिहिलं, उद्गारचिन्हासकट. 'व्हार' म्हणजे व्हेरिएबल: तो नवतारा नव्हता, सेफीड जातीचा चलतारा, म्हणजे तेज ठरावीक काळाने कमीजास्त होणारा तारा होता. सेफीडच्या चढउताराचा काळ मोजला की त्याचं खरं तेज आणि त्यावरून अंतर काढता येतं, हे हेन्रिएटा लेविटने आधीच दाखवून दिलं होतं. हबलचं उत्तर आलं सुमारे नऊ लाख प्रकाशवर्षं. आज आपण पंचवीस लाख मानतो, पण आकाशगंगेबाहेर हे ठरायला नऊही पुरेसे होते.

इथे मराठीतली एक गंमत. सेफीड हे नाव ज्या तारकासमूहावरून पडलं त्याला आपण वृषपर्वा म्हणतो. शेजारी शर्मिष्ठा, देवयानी, ययाती. शर्मिष्ठेच्या बापाच्या नावाचा तारा देवयानीच्या घरी सापडला आणि त्याने तिचा पत्ता सांगितला. महाभारतातल्या भांडणानंतर एवढं तरी झालं.

आणि हबलने तिला लगेच गॅलक्सी म्हटलं का? नाही. तो शेवटपर्यंत 'आकाशगंगेबाहेरचे तेजोमेघ' असंच म्हणत राहिला. म्हणून अनुवादकांना एक सुचवतो: १९२५ आधीचा मजकूर असेल तर तेजोमेघच ठेवा. 'दीर्घिका आकाशगंगेबाहेर आहेत का, यावर १९२० मध्ये वाद झाला' असं लिहिलंत तर प्रश्नातच उत्तर देऊन टाकलंत.

तेजोमेघाबद्दल माझी एक तक्रार आहे. मृगातला घोड्याच्या डोक्यासारखा मेघ, जो १८८८ मध्ये विल्यमिना फ्लेमिंगला हार्वर्डच्या काचेवर सापडला, तो काळा आहे. त्याला 'कृष्ण तेजोमेघ' म्हणताना जीभ अडखळते. जुना शब्द 'अभ्रिका' इथे किती सोयीचा होता! अभ्र म्हणजे ढग. उजळ की काळा, याचा आग्रह नाही. उशीच्या अभ्र्याशी त्याचा संबंध नाही, तो फारसीतून आलेला. निहारिकाही चालेल, नीहार म्हणजे धुकं, पण मराठीत ती आता मुलींच्या हजेरीपटावरच जास्त भेटते.

तारकागुच्छ आणि तारकासमूह यांची अदलाबदल तेवढी करू नका. कृत्तिका हा गुच्छ, खरोखर एकत्र जन्मलेला. शर्मिष्ठा हा समूह, आपण रेघा जोडून केलेला.

दीर्घिकांच्याही झुंडी असतात. २०१७ मध्ये पुण्याच्या आयुका आणि आयसर या संशोधनसंस्थांमधल्या शास्त्रज्ञांनी मीन राशीच्या दिशेला, सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षांवर, दीर्घिकांचा एक प्रचंड महासमूह सापडल्याचं जाहीर केलं आणि त्याचं नाव ठेवलं सरस्वती. सरस् म्हणजे तळं. सरस्वती म्हणजे जिच्यात पुष्कळ तळी आहेत ती.