‘मामा’, ‘मंमं’ आणि आदिभाषा

प्रश्न असा: मामा, पापा, बाबा हे शब्द जगभर थोड्याफार फरकाने सापडतात. मग सगळ्या भाषांची आई एकच होती आणि हे तिचे उरलेसुरले शब्द, असं म्हणता येईल का?

नाही. आदिभाषा एक असेलही, पण या शब्दांची साक्ष त्या दाव्यात चालत नाही.

मॉस्कोत जन्मलेले आणि पुढे अमेरिकेत शिकवणारे भाषाशास्त्रज्ञ रोमान याकोबसन यांनी १९६० साली छापून आलेल्या लेखात नेमका हाच प्रश्न हाती घेतला. मानववंशशास्त्रज्ञ जॉर्ज मर्डॉक यांनी जमवलेले १,०७२ शब्द त्यांच्यासमोर होते: आईसाठीचे ५३१, बापासाठीचे ५४१. आईच्या शब्दांपैकी ५५ टक्क्यांत म-न अशी अनुनासिकं निघाली, बापाच्या शब्दांत फक्त १५ टक्क्यांत. याकोबसनांनी याचं कारण बाळाच्या तोंडात शोधलं. अंगावर पिताना बाळाचं तोंड बंद असतं, आवाज निघालाच तर नाकातून, म्हणजे ‘म्म’. पुढे दूध नुसतं दिसलं तरी तोच हुंकार येतो, आणि मग काहीही हवं असलं की तोच. त्याला अर्थ चिकटवतो आपण मोठी माणसं.

माझ्या भाचीचं बाळ सात महिन्यांचं होतं. वरणभाताची वाटी दिसली की ओठ मिटून ‘म्म्म’ करायचं. आजी म्हणायची, ‘मंमं मागतोय.’ भाची म्हणायची, ‘छे, मला हाक मारतोय!’ आवाज एक, अर्थ दोन, तेही एकाच स्वयंपाकघरात.

म्हणून तर मराठीत मंमं म्हणजे जेवण, मामा म्हणजे आईचा भाऊ आणि बाळाकडे मागायचा पापा म्हणजे मुका. जॉर्जियन भाषेत ‘मामा’ म्हणजे चक्क बाप आणि आई ‘देदा’. रशियनमधली ‘बाबा’ ही बाई. आपल्या ‘आई’त तर ‘म’ नाहीच. (हे मला फार आवडतं.)

भाषाभाषांमधलं खरं नातं वेगळ्या खुणांनी ओळखतात. पितृ–फादर, पाद–फूट: संस्कृतात सुरुवातीला ‘प’ तिथे इंग्रजीत ‘फ’, आणि हे शब्दामागून शब्दात नियमाने दिसतं. पण या वाटेनेही ८-१० हजार वर्षांपलीकडे जाता येत नाही, असं बहुतेक अभ्यासक मानतात. माणूस त्याच्या कितीतरी आधीपासून बोलतोय. पुराव्याविना तर्कांचा एवढा सुळसुळाट झाला होता की पॅरिसच्या भाषाशास्त्र मंडळाने १८६६ मध्ये भाषेच्या उगमावरचे निबंध घ्यायचेच नाहीत असा नियम केला.

‘मातृ’ शब्दात मात्र दोन्ही गोष्टी एकत्र दिसतात. शेवटचा ‘तृ’ हा पितृ, भ्रातृ, दुहितृ यांतलाच, मोठ्यांनी जोडलेला आणि पिढ्यानपिढ्या चालत आलेला. आधीचा ‘मा’ बाळाचा, आणि तो आजही कुठल्याही घरात नव्याने जन्मतो.