'हया'ला मराठीत काय म्हणायचं?

इंदूरच्या रामबागेतल्या एका ताईंचा प्रश्न आहे. त्या एक उर्दू प्रेमकथा मराठीत आणताहेत. नायक रोज कॉलेजच्या फाटकाशी उभा राहतो आणि एक दिवस नायिका त्याला सांगते, "मोहब्बत अपनी जगह, हया अपनी जगह." ताई विचारतात, "इथे 'लाज' लिहू की 'मर्यादा'? दोन्ही लिहून खोडलं."

खोडलंत ते बरं केलंत.

मराठीत लाज चारचौघांत वाटते. ती जाते, कुणी काढतं, कुणी राखतं. बघणारं कुणीतरी लागतंच. 'हया' खोलीत एकटं असतानाही असते, कारण बघणारा अल्ला तिथेही आहे. बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही हदीससंग्रहांत (प्रेषितांच्या वचनांच्या संग्रहांत) 'हया ही ईमानाची, म्हणजे श्रद्धेची, एक शाखा' असं वचन आहे. तेव्हा तुमची नायिका लाजत नाहीये. ती म्हणतेय, फाटकाशी नको, घरी ये आणि रीतसर विचार. अशा उर्दू कादंबऱ्यांतलं प्रेम बहुधा इथूनच पुढे सरकतं.

'मर्यादा' मला नको वाटते. ती दुसऱ्यानं घालून दिलेली असते, आणि आपल्या इंदुरी हिंदीत 'मर्यादा में रहो' ही तर सरळ दटावणीच. 'विनय' चालला असता, पण त्याला 'विनयभंगा'नं पोलीस ठाण्यात नेऊन बसवलंय. जुनं कलम ३५४ आता न्याय संहितेत ७४ झालं, शब्द तोच राहिला.

खरी पंचाईत नायकाची. कुराणात नजर खाली ठेवायची आज्ञा आधी पुरुषांना आहे (२४:३०), स्त्रियांना त्याच्या पुढच्या आयतीत, म्हणजे वचनात. म्हणून या कथांतला भला नायकही नजर झुकवतो. त्याचं मराठीत 'तो लाजला' करून बघा, वाचक हसेल. 'मुलीसारखा लाजतोस काय' हे ऐकतच आपण वाढलो.

कुराणातलाच एक प्रसंग बघा (२८:२३ ते २७). पैगंबर मूसा पाणवठ्यावर दोन बहिणींच्या जनावरांना पाणी पाजून सावलीत बसतात. थोड्या वेळानं त्यांतली एक येते. तिच्या चालण्यात हया आहे, असं आयत सांगते. पण बोलणं स्वच्छ: वडिलांनी तुम्हाला बोलावलंय, पाणी पाजल्याचा मोबदला द्यायचाय. पुढे दोघींतलीच एक वडिलांना सुचवते की याला कामावर ठेवा, ताकदीचा आहे, विश्वासाचा आहे. आणि वडील त्यांना मुलगी देऊ करतात. इथे 'लाजत मुरडत आली' लिहिलं की झाली लावणी!

माझं मत: 'हया' तशीच ठेवा. ती वाटते तेवढी परकी नाही. अरबीत 'हया' आणि 'हयात' एकाच धातूचे, आणि 'हयात' आपण रोज वापरतो. दर नोव्हेंबरात मी आईला हयातीच्या दाखल्यासाठी बँकेत नेतो. इथे त्याला 'जीवन प्रमाण पत्र' म्हणतात. परवा आई सवयीनं 'हयातीचा' म्हणून गेली, तर काउंटरवरचा मुलगा हसून म्हणाला, "अम्माजी, उर्दू कहाँ सीखी?" आईला वाटत होतं, आपण शुद्ध मराठी बोललो.

(गंमत म्हणजे नाल्याकाठी माजणारी, जांभळट फुलांची बेशरम. उत्तर प्रदेशाकडे तिलाच 'बेहया' म्हणतात. कितीही तोडा, मरत नाही. हया नाही आणि हयात मात्र भरपूर.)

शिवाय पाकिस्तानी लेखिका निमरा अहमद यांच्या 'जन्नत के पत्ते' या कादंबरीत नायिकेचं नावच हया आहे. उद्या तुम्ही ते भाषांतराला घेतलंत तर तिला काय 'लाजवंती' म्हणणार?

मात्र सरसकट ठेवू नका. 'अब्बा के सामने हया आई' असेल तिथे आपली 'भीड' चपखल बसते. 'आँखों में हया' साठी नुसतं 'नजर खाली गेली' पुरे. तळटीप तर नकोच. पहिल्यांदा शब्द येईल तिथे नायिकेला एकटी असताना काहीतरी टाळू द्या, वाचकाला कळतं.

आणि तुमचं ते वाक्य? 'प्रेम त्याच्या जागी, हया तिच्या जागी.' उर्दूत 'अपनी' हे 'जगह'शी जुळतं, जागा कुणाचीही असो, म्हणून ते दोघींना पुरतं. मराठीत प्रेम नपुंसकलिंगी, म्हणून 'त्याच्या' आणि 'तिच्या' असे दोन शब्द आले. 'प्रीत' घालून ते जुळवायला जाऊ नका, सिनेमातलं गाणं होईल.