विडंबन, विडंबना, विटंबना: आणि मनाच्या श्लोकाची एक नवी आवृत्ती

प्रश्न असा: मनाच्या श्लोकाच्या चालीवर गमतीच्या ओळी लिहिल्या तर त्याला विडंबन म्हणायचे की विडंबना?

विडंबन. संस्कृतात दोन्ही रूपांचा अर्थ नक्कल आणि थट्टा असाच आहे. मराठीत मात्र वाटण्या झाल्या. नपुंसकलिंगी ‘विडंबन’ कवितेकडे आले. ‘झेंडूची फुले’ (1925) हा अत्र्यांचा विडंबन-कवितांचा संग्रह आल्यापासून ते चांगलेच रुळले. त्याचाच भाऊबंद ‘विटंबना’ अपमानाकडे गेला, म्हणून पुतळ्याची विटंबना होते, विडंबन नव्हे. ‘दैवाची विडंबना’ हा प्रयोग हिंदी वळणाचा. आपल्याकडे त्यासाठी ‘दैवदुर्विलास’ हा चांगला शब्द असताना तो कशाला हवा?

आता लिहायचे कसे. मनाचे श्लोक भुजंगप्रयात वृत्तात आहेत: लघु-गुरु-गुरु (लघु म्हणजे ऱ्हस्व, गुरु म्हणजे दीर्घ उच्चाराचे अक्षर) असा तीन अक्षरांचा ‘य’ गण चार वेळा, ओळीत बारा अक्षरे. म ना सज्, ज ना भक्, ति पं थे, चि जा वे. या मापात:

मना सज्जना तू पहाटे उठावे
घड्याळास दाबून तैसे निजावे
उन्हे तोंडि येता कुशीला वळावे
दुपारी उठोनी ‘प्रभाते’ म्हणावे

दुसरी ओळ आधी ‘घड्याळास दाबून पुन्हा निजावे’ अशी सुचते. अक्षरे बाराच, तरी म्हणताना ठेच लागते. कारण ‘न्हा’ हे जोडाक्षर असले तरी मागच्या ‘पु’वर आघात येत नाही; तो लघुच राहतो आणि ‘न पु न्हा’ असे दोन लघु लागोपाठ पडतात. ‘सज्जना’त ‘स’वर आघात येतो, म्हणून तो गुरु. ‘घड्याळ’मधला ‘घ’ आणि ‘उन्हे’मधला ‘उ’ हे ‘पु’सारखेच लघु, तिथे लघुच हवा होता म्हणून निभावले. तेव्हा जोडाक्षर डोळ्यांनी नव्हे, कानांनी मोजावे. ‘तोंडी’चे ‘तोंडि’ केले आहे ती सूट जुनीच. पण एका कडव्यात एकदाच घ्यावी, नाहीतर हात तोकडा आहे हे दिसते.

यमक ‘-आवे’ हेच ठेवले, कारण उपदेशाचा सूर त्या विध्यर्थी क्रियापदांत आहे. थट्टा त्या सुराची आहे. सूर सोडून नुसतीच चाल उचलली, समजा वाढदिवसाच्या शुभेच्छांसाठी, तर त्याला ‘चालीवर रचलेले’ म्हणावे. आणि शेवटच्या ओळीतले ‘प्रभाते’ तिसऱ्या श्लोकाच्या आरंभाचे आहे. तो पाठ नसणाऱ्याला तिथली गंमत कळणार नाही.