पाहुणे गेल्यानंतर

प्रश्न : आम्ही मूळचे पुण्याचे. कंपनीच्या कामामुळे सात वर्षं मेक्सिकोत, ग्वादालाहारात आहोत. मुलगा सतरा वर्षांचा, 'प्रेपा'च्या म्हणजे इथल्या बारावीच्या वर्गात. गणित चांगलं आहे, पण कांतिन्फ्लास या जुन्या विनोदी नटाचं वेड लागलंय. शाळा सोडून नाटकात जातो म्हणतो. नक्कल छान करतो. पाहुणे आले की मीच करायला लावतो, पण ते गेल्यावर 'विदूषकी करून पोट भरणार का?' असं सुनवावंही लागतं. तो नट अशिक्षित होता, वायफळ बडबड करून नशिबाने वर आला, हे त्याला तुम्हीच पटवा. जूनमध्ये आम्ही परततोय. इंजिनिअरिंगसाठी काय करावं?

उत्तर : तुमच्या पत्रातल्या पाहुण्यांच्या वाक्यापाशी मी थांबले ती थांबलेच. लोकांसमोर त्याच्याकडून नक्कल करवून घेता आणि दार लागलं की त्याच नकलेवरून त्याला बोलता. मुलाने यातून काय समजायचं? वडिलांना माझं कौतुक चारचौघांत मिरवायला हवंय, पण मी तसा असलेला नकोय, एवढंच ना? शाळा सोडायची भाषा तो नाटकाच्या ओढीने करतोय की घरातल्या या बोलण्याला कंटाळून, याची मला शंका आहे. दोन्ही गोष्टी आजच थांबवा. नक्कल करायला लावणंही आणि सुनावणंही.

इंजिनिअरिंगचं म्हणाल तर परदेशात राहणाऱ्या भारतीय मुलांना जेईई मेन देऊन 'दासा'मार्फत, म्हणजे परदेशात शिकलेल्यांसाठीच्या प्रवेश योजनेतून, एनआयटीत जाता येतं. निकष यंदाचेच बघा.

आता कांतिन्फ्लास. तुम्ही म्हणता ते मी मुलाला पटवणार नाही, कारण ते खरं नाही. त्याचं खरं नाव मारिओ मोरेनो, जन्म १९११चा. टपाल खात्यातल्या साध्या नोकरदाराचा मुलगा, मेक्सिको सिटीच्या गरीब वस्तीत वाढलेला. बॉक्सिंगसुद्धा करून पाहिलं आणि मग 'कार्पा'त शिरला. कार्पा म्हणजे तंबूतला खेळ. तिकीट स्वस्त, नाचगाणी, प्रहसनं, आणि आवडलं नाही तर तोंडावर ओरडणारं पब्लिक. तिथे वर्षानुवर्षं घासला गेला तेव्हा कुठे १९३६ला पहिला सिनेमा मिळाला, आणि नाव झालं १९४०च्या 'अई एस्ता एल देताये'मुळे. म्हणजे 'खरी गोम तिथेच आहे'. त्यात खटला चालतो माणसाच्या खुनाचा आणि हा बोलत असतो मारलेल्या कुत्र्याबद्दल, कारण दोघांचं नाव एकच! वाक्य सुरू होतं, मध्येच वळतं, संपतच नाही. शेवटी कोर्टातले शिकलेसवरलेले लोकही त्याच्यासारखंच बोलू लागतात. ही बडबड नाही. वकिलांची आणि पुढाऱ्यांची भाषा एका फाटक्या माणसाने कान देऊन ऐकली आणि उसवून दाखवली. पुढे १९९२ मध्ये स्पॅनिश अकादमीच्या शब्दकोशात त्याच्या नावाचं क्रियापद आलं. 'कांतिन्फ्लेआर', म्हणजे खूप बोलून काहीच न सांगणं. त्याने स्वतःच्या निर्मिती कंपनीत भागीदारी केली आणि नटांच्या संघटनेचं नेतृत्वही केलं.

पण मुलालाही एक गोष्ट सांगायची आहे. १९५६च्या 'अराउंड द वर्ल्ड इन एटी डेज'साठी त्याला गोल्डन ग्लोब मिळालं, तरी १९६०चा 'पेपे' हा इंग्रजी सिनेमा आपटला. माझं मत असं की त्याची सगळी गंमत स्पॅनिशच्या बोलीत होती, इंग्रजीत ती उतरली नाही.

म्हणूनच मला तुमच्या जूनची भीती वाटते. दहाव्या वर्षापासून तिथे वाढलेल्या मुलाचा विनोद बहुधा स्पॅनिशमध्येच फुलतो. त्याला उचलून पुण्यात आणलं तर इंजिनिअरिंग मिळेलही, पण ज्या भाषेत तो हसवतो ती भोवती नसेल. हा प्रश्न तुम्ही विचारलेलाच नाही, आणि माझ्या लेखी तोच पहिला आहे. मेक्सिको सिटीत नाट्यकलेची राष्ट्रीय शाळा आहे, तिथे पदवी अभ्यासक्रम आहे. पुण्यात विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे. दोन्हीकडे बारावी हवीच. तेव्हा प्रेपा सोडायची नाही, हे त्याला माझ्या नावाने ठणकावून सांगा.

या रविवारी तो कोर्टाचा प्रसंग त्याच्या शेजारी बसून पाहा आणि त्याला तो मराठीत समजावून सांगायला लावा. फक्त तुम्ही दोघं, पाहुणे नकोत. काही ठिकाणी तो अडखळेल. कुठे अडखळला ते मला कळवा, आणि पुढच्या पत्रात चार ओळी त्याच्या हातच्या असू द्या.