लाव्हारस म्हणणं चूक आहे का?

प्रश्न असा आलाय की इटलीच्या सिसिली बेटावरच्या एटना ज्वालामुखीच्या बातम्यांत सगळे लाव्हारस लिहितात, पण लाव्हा म्हटलं की रस आलाच ना, मग नुसतं लाव्हा म्हणावं की शिलारस?

आधी शिलारस बाजूला काढू, कारण तो मॅग्मासाठी चांगला रुळलाय, म्हणजे जमिनीच्या पोटात आहे तोवर शिलारस, ज्वालामुखीच्या तोंडातून बाहेर पडला की लाव्हा. हा लाव्हा शब्द इटलीतला, नेपल्सच्या बोलीतला, तिथे जोराचा पाऊस झाला की रस्त्यांवरून जो लोंढा धावायचा त्याला हे नाव होतं, आणि तेच मग जवळच्या व्हेसुव्हियस ज्वालामुखीवरून उतरणाऱ्या आगीच्या लोंढ्याला लागलं. व्हेसुव्हियसच्या 1737 च्या उद्रेकाच्या वर्णनात नेपल्सचा वैद्य फ्रांचेस्को सेराओनं तो वापरलाय. म्हणजे मुळात वाहणं त्या शब्दात आहेच, तुमची शंका रास्त आहे.

पण पुढे गंमत झाली, थिजून दगड झालेल्यालाही लाव्हाच म्हणायला लागले. एटनाच्या पायथ्याचं कातानिया शहर बघा, 1669 च्या उद्रेकात लाव्हा तिथल्या तटबंदीला येऊन भिडला होता, आणि आज तिथल्या जुन्या इमारती, फरशा, चौकातला प्रसिद्ध हत्ती सगळं काळ्याभोर लाव्हाच्या दगडातलं. सिसिलीच्या लोकांकडे अशा थिजलेल्या खडबडीत पट्ट्यासाठी 'शारा' असा वेगळा शब्द आहे, आपल्याकडे तसा नाही. आपला सह्याद्रीही लाव्हाच्या थरांचाच आहे पण त्यात आता रस कुठला! म्हणून वाहता असेल तेव्हा मराठीनं रस जोडला ते मला अगदी योग्य वाटतं, अर्थ चटकन कळतो.

आणि समजा द्विरुक्ती झालीच, तरी बिघडलं काय? एटनाचंच जुनं नाव मोंजिबेल्लो, त्यात लॅटिन मोन्स म्हणजे डोंगर आणि अरबी जबल म्हणजेही डोंगर, शेकडो वर्षं लोक डोंगर-डोंगर म्हणतायत. आपण नाही का बाजारहाट, कागदपत्र म्हणत.

तेव्हा 'एटनातून लाव्हारस उसळला' बिनधास्त लिहा. फक्त 'लाव्हारसाच्या दगडातली इमारत' असं कोणी लिहिलं तर ते खटकतं, तिथे नुसतं लाव्हा हवं.