विनट्रस्ट डीएलएल मिसिंग दाखवतंय, नेटवरून उतरवून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकली तर चालेल का?

नाही, अजिबात टाकू नका. तुम्ही लिहिलंय की अकाउंटिंग सॉफ्टवेअरचा सेटअप चालवला की विनट्रस्ट डीएलएल सापडत नाही असा मेसेज येतो आणि एका साईटवर तीच फाईल फुकट मिळतेय. दुसरी कुठली डीएलएल (अनेक प्रोग्राम मिळून वापरतात ती फाईल) असती तरी नकोच म्हटलं असतं, पण ही तर खास, कारण बाकीच्या सगळ्या सॉफ्टवेअरची डिजिटल सही खरी का खोटी हे बघायचं कामच हिच्याकडे असतं. तीच अनोळखी माणसाकडून आणायची म्हणजे भंगारवाल्याच्या काट्यावर भंगार मोजून घेण्यासारखं आहे.

आत काय होतं सांगतो. सेटअपवर डबल क्लिक केलं की विंडोज या विनट्रस्टला विचारतं, माल कुणाचा आहे आणि मधे कुणी हात लावलाय का. मग फाईलचा हॅश, म्हणजे तिच्यातल्या मजकुरावरून निघणारा आकड्यांचा ठसा, काढला जातो, सहीत जो हॅश बंद करून ठेवलेला असतो त्याच्याशी जुळवला जातो, एक अक्षर बदललं असलं तरी जुळत नाही. आणि सही करणाऱ्याचं सर्टिफिकेट कुणी दिलं, त्याला कुणी दिलं, असं वर वर मूळ रूट सर्टिफिकेटपर्यंत जायचं काम क्रिप्ट३२ नावाची दुसरी डीएलएल करते. विंडोजच्या स्वतःच्या बऱ्याच फाईलींवर तर सही नसतेच, त्यांच्या हॅशची यादी कॅटरूट फोल्डरमधे वेगळी असते, म्हणून नोटपॅडच्या प्रॉपर्टीजमधे डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब दिसला नाही तर घाबरू नका.

त्या साईटवाल्या फाईलीत व्हायरस नसला तरी ती कुठल्या जमान्यातली आहे कुणास ठाऊक. १४ जानेवारी २०२० ला मायक्रोसॉफ्टनं क्रिप्ट३२ मधलं एक भोक बुजवलं, अमेरिकेच्या एनएसए या गुप्तचर संस्थेनं कळवलेलं, त्यात खोटं सर्टिफिकेट खरं म्हणून खपत होतं. म्हणजे अशा फाईलींची अस्सल पण जुनी प्रत टाकली तर बुजवलेलं भोक आपणच परत पाडणार. शिवाय ६४ बिटवाल्या विंडोजमधे सिस्टम३२ मधे ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मधे (हो, उलटंच आहे, नावं ज्यानं ठेवली त्याला नमस्कार), चुकीची पडली की वेगळाच एरर सुरू. आणि या फाईली विंडोजच्या ट्रस्टेडइन्स्टॉलर नावाच्या स्वतःच्या खात्यावर असतात, साधी पेस्ट होत नाही, म्हणून या साईटी आधी मालकी बदलायला सांगतात. तिथेच समजायचं.

आता करायचं काय. सगळ्यात आधी घड्याळ बघा, हसू नका. मी इथे फोर्ट-गिरगावातल्या छोट्या ऑफिसांचे पीसी बघतो, मागे गणपतीच्या तोंडावर लालबागच्या एका डीटीपीवाल्याचा फोन आला, प्रिंटरचा ड्रायव्हर बसेना, सही अमान्य म्हणतोय, दारात पावती पुस्तकं छापायला मंडळाची पोरं उभी. आधी येऊन गेलेल्यानं फॉरमॅट करावं लागेल, पंधराशे होतील असं सांगितलेलं. मी जाऊन बघतो तर उजव्या कोपऱ्यात तारीख १ जानेवारी २००९! शेठ रोज रात्री मेन स्विच पाडून घरी जाणार, त्यामुळे मदरबोर्डवरचा बटण सेल मेलेला, आणि त्या तारखेला ते सर्टिफिकेट जन्मालाच आलं नव्हतं. लॅमिंग्टन रोडवरून सीआर२०३२ सेल आणला, तारीख लावली, ड्रायव्हर बसला. एररच्या शेवटी ८००बी०१०१ असं काही दिसलं तर हाच प्रकार, म्हणजे सर्टिफिकेटच्या मुदतीचा घोळ. ८००९६०१० असेल तर फाईल बदललीय किंवा अर्धवट उतरलीय, कंपनीच्या साईटवरून परत घ्या, लोकलमधे हॉटस्पॉटवर नको.

तुमचा मेसेज थेट मिसिंगचा आहे, म्हणून कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. आधी डिझम, ऑनलाईन, क्लीनअप-इमेज, रिस्टोअरहेल्थ, मग एसएफसी स्कॅननाऊ. टाईप अर्थातच इंग्रजीत करायचं (डिझमचं स्पेलिंग डीआयएसएम), डिझम आणि एसएफसी सोडून प्रत्येक शब्दाआधी स्पेस आणि स्लॅश. पहिली कमांड विंडोज अपडेटवरून चांगल्या प्रती आणते, दुसरी त्यातून बिघडलेल्या फाईली बदलते. वेळ लागतो, मधेच टक्का अडकल्यासारखा वाटतो, बंद करू नका, चहा घेऊन या. मग रीस्टार्ट.

विंडोज ७ असेल तर गोष्ट वेगळी, नव्या सह्या शा-२ नावाच्या हॅश पद्धतीच्या असतात, त्या नीट ओळखायला मार्च २०१९ चं अपडेट लागतं, ते नसेल तर अगदी खरी सहीसुद्धा खोटी ठरते.

एक मात्र आहे, सही बरोबर निघाली म्हणजे सॉफ्टवेअर चांगलंच असं नाही. २०१० मधे सापडलेल्या स्टक्सनेट नावाच्या व्हायरसच्या ड्रायव्हरवर रिअलटेकची खरी सही होती, चोरलेली. म्हणून सेटअप कुठून आला तेही बघा.

आणि ती झिप आधीच उतरवली असेल तर उघडून बघायच्या फंदात पडू नका, शिफ्ट दाबून डिलीट मारा.